तोंड तुझंच हलत व्हतं

द्वारकाबाई: ...सब कुशल मंगल है ना, वहिदाजी? आपने भोजन किया?

वहिदा: आधी आत ये. चपला तिथंच ऱ्हाऊ दे. आन हे काय बोलायलीस तू?

द्वारकाबाई: मैं पूछ रही हूँ, आपकी तबियत...

वहिदा: द्वारके, दीड वर्सानं दारात आलीस. ताप आलाय का तुला? हात दाव बरं इकडं.

द्वारकाबाई: ताप नाय गं. म्हंजी, बुखार नहीं है.

वहिदा: मग कुनी काय पाजलं का तुला?

द्वारकाबाई: काय बी बोलतीस. गंगापूरला लगीन व्हतं, आप्पासाहेबाच्या नातीचं. तिथून सरळ इकडंच आलो. बद्री मला सोडून पेट्रोल भरायला गेलाय, मग मित्राकडं जाऊन येतो म्हनला. दोन घंटे हायेत आपल्याला. आप तशरीफ रखिए.

वहिदा: काय रखू?

द्वारकाबाई: तशरीफ.

वहिदा: ते काय असतं?

द्वारकाबाई: तुला ठावं नाय?

वहिदा: मला कुठून ठावं असनार?

द्वारकाबाई: मला वाटलं तुझ्याच भाषेतलं हाय. बसा म्हनत्यात त्याला.

वहिदा: घर माझं, खाट माझी, आन तू पुन्याहून येऊन मलाच बस म्हनतीस. बस तूच. भिंतीला टेक, गुडघा दुखंल. ह्या शेंगा फोडायला घे, रिकाम्या हातानं तुला बोलता येत नाय. चहा ठेवते.

द्वारकाबाई: चहा नंतर. आधी हे घे. सूनबाईनं धाडलंय तुझ्यासाठी.

वहिदा: काय हाय?

द्वारकाबाई: खजूर. चांगल्यातला हाय, डबा बघ कसा सोनेरी. म्हनली, त्यांच्यात हेच आवडतं.

वहिदा: कोनाच्यात?

द्वारकाबाई: तुमच्यात.

वहिदा: चाळीस वर्सं एका नळावर पानी भरलं आपुन. मला खजूर खाताना कवा बघितलंस?

द्वारकाबाई: रोज्यात.

वहिदा: रोज्यात एक तोंडात टाकायचे, रोजा सोडायचा म्हून. आन मग तुझ्या घरची भाकर आन हिरवा ठेचा. तो कुठाय? ठेचा का नाय आनलास?

द्वारकाबाई: तिथं मिरच्या भाजू देत नायत. धूर झाला की छताला एक भोंगा हाय, तो वरडतो.

वहिदा: सुनंला माझा सलाम सांग. नमस्कार सांग. जे तिला समजंल ते सांग. डबा ठेव फळीवर.

द्वारकाबाई: आप नाराज हो गयीं क्या?

वहिदा: परत सुरू झालं. अगं ए, कुठं शिकलीस ही भाषा?

द्वारकाबाई: टीव्हीवर.

वहिदा: तरीच. रामायनात असल्यासारखी पुसायलीस, भोजन किया का म्हून.

द्वारकाबाई: दोन मालिका बघते मी. दुपारची राजा-रानीची हाय. संध्याकाळची नवाबाची, ती मोठाल्या झुंबराच्या घरातली. मला काय कळत नाय कोनता शब्द कुठला. जेवढं ध्यानात ऱ्हातं तेवढं पाठ करते. समदे कामाला गेले की टीव्हीफुडं बसून मोठ्यानं म्हनते. आठ म्हैने झाले.

वहिदा: आठ म्हैने? कशापायी?

द्वारकाबाई: तुझ्यापायी.

वहिदा: माझ्यापायी?

द्वारकाबाई: व्हय. मराठी मालिका सोडल्या मी. त्या घटस्फोटवालीचं काय झालं ते अजून मला ठावं नाय. ठरीवलं व्हतं, वहिदाजीला भेटले की तिच्या भाषेत बोलनार. तिला बरं वाटंल.

वहिदा: आन हे वहिदाजी कोन?

द्वारकाबाई: तूच की.

वहिदा: मी वैदा हाय. नळावर हाक मारायचीस, वैदे, बादली सरकव. तुझा मालक, फकिराभाऊ गेले त्या दिवशी माझ्या गळ्यात पडून वरडलीस, वैदे, आता गं काय करू. तवा जी लावला व्हतास का?

द्वारकाबाई: तेच चुकलं माझं. मला ठावंच नव्हतं तुझं नाव वहिदा हाय म्हून. म्हंजी ठावं व्हतं, पन जिभंला येत नव्हतं. टीव्हीत खाली पट्टी आली तुझ्या नावाची, सूनबाईनं वाचून दावली. वहीदा बेगम, औरंगाबाद. मी म्हनलं, बाई गं, चाळीस वर्सं आपुन हिचं नाव मोडून घेतोय, आन ही एका शब्दानं बोलली नाय. मला लई वाईट वाटलं.

वहिदा: तू बघितलंस व्हय ते.

द्वारकाबाई: बघितलं. टँकरच्या बातमीत.

वहिदा: बेगम बिगम मी कवा नव्हते. ते त्यांनी चिकटवलं. थांब, दूध उतू जायलंय.

द्वारकाबाई: साखर कमी टाक, मला आता चालत नाय.

वहिदा: घे. आता मला खरं सांग. काय काय बघितलंस?

द्वारकाबाई: तू दिसलीस. हिरवं पातळ, डोक्यावर पदर. मागं तो टँकर, बायका, घागरी. मी उडीच मारली सोफ्यावरनं. वरडले, माझी वैदा, माझी वैदा. नातू पळत आला. आन मग तू बोलाय लागलीस, आन...

वहिदा: आन काय?

द्वारकाबाई: हिंदीत बोललीस. लई अवघड. रडल्यासारखा आवाज. म्हनलीस, हम मजलूमों की कौन सुनता है, हमारे साथ हमेशा यही होता आया है. अजून काय काय. मला समदं समजलंबी नाय. सूनबाईनं सांगितलं, मजलूम म्हंजी गांजलेली मान्सं.

वहिदा: आन तुला वाटलं ते मी बोलले.

द्वारकाबाई: तोंड तुझंच हलत व्हतं.

वहिदा: द्वारके, आवाज माझा व्हता का?

द्वारकाबाई: आवाज... येगळा वाटला जरा. बारीक. मी म्हनलं टीव्हीत तसाच येत असंल.

वहिदा: माझा आवाज तू अंधारात वळखतीस. लाइट गेली की ह्या गल्लीत नुसतं खाकरले तरी म्हनायचीस, वैदी आली. आन टीव्हीत दुसरीच बाई बोलली तर तुला कळलं नाय?

द्वारकाबाई: दुसरी बाई?

वहिदा: दुसरीच. कोन, कुठली, मला काय ठावं. वरून चिकटवला आवाज. मी मराठीत बोलले व्हते.

द्वारकाबाई: मग तू काय म्हनली व्हतीस?

वहिदा: मी म्हनले, टँकरच्या नळीला भोक हाय, अर्धं पानी रस्त्यात सांडतं, ती नळी बदला. बास. एवढंच म्हनले मी.

द्वारकाबाई: एवढंच?

वहिदा: दुसरं काय म्हननार? नळीला भोक हाय तर भोक हाय. त्यात मजलूम कुठून आला?

द्वारकाबाई: मग त्यांनी असं का केलं?

वहिदा: ऐक. माइकवालं पोरगं आलं, दिल्लीकडचं. त्याला एक तुमच्यातली बाई पायजे व्हती आन एक आमच्यातली. दोघींचं एकएक वाक्य. तो पहिला माझ्याकडंच आला, म्हनला ताई, आप हिंदू भाई-बहनों की तरफ से बोलिए. मी पातळ नेसलेली, मराठीत भांडत व्हते ना टँकरवाल्यासंगं. आन आशाबाई उन्हाचा स्कार्फ गुंडाळून आल्ती, नुसते डोळे दिसत व्हते. तिला म्हनला, खाला, आप उधर ठहरिए, आपका बाद में लेंगे.

द्वारकाबाई: आशाबाईला? ती तर अकरा सोमवार करती.

वहिदा: तेच तर. ती म्हनली, ए, मी जाधवाची हाय. मग तो माझ्याकडं वळला, नाव पुसलं. सांगितलं, वहिदा शेख. त्याचं तोंड असं झालं, मीच जसं त्याला फसवलं. म्हनला, तो चाची, आप अपनी भाषा में बोलिए ना. मी म्हनले, ही कोनाची हाय मग?

द्वारकाबाई: मग?

वहिदा: म्हनला पब्लिकला पटनार नाय. मी म्हनले, पब्लिकला पानी पायजे, बोलीचं काय घेऊन बसलास. आन मराठीतच सांगितलं नळीचं. त्यानं मान हलवली, थँक्यू चाची म्हनला, गेला. मला वाटलं झालं. रात्री बघते तर मीच रडायलेय, दुसऱ्या बाईच्या आवाजात.

द्वारकाबाई: बाई गं.

वहिदा: दुसऱ्या दिवशी आशाबाईनं तोंड फिरवलं. म्हनली, आमच्यासंगं एका रांगंत उभी ऱ्हातीस आन टीव्हीत म्हनतीस तुला येगळं वागवलं? मी म्हनले, मी तसं बोलले नाय, तू शेजारी व्हतीस. तीबी हेच म्हनली बघ, तुझ्यासारखं. तोंड तर तुझंच व्हतं.

द्वारकाबाई: तिनं तर कानानं ऐकलं व्हतं ना?

वहिदा: कानानं एकदा ऐकलं. टीव्हीनं धा वेळा दावलं. शेंगा फोड, थांबलीस का?

द्वारकाबाई: फोडते.

वहिदा: रामकिसन किरानावाला. त्याच्या बापापासून त्या दुकानात जाते मी. आता म्हनतो, हां खाला, क्या दूँ? मी म्हनते पावशेर गूळ दे रं. तो म्हनतो, गुड पाव किलो, और कुछ? मी मराठीत मागते, तो हिंदीत देतो. शिटीबसचा कंडक्टर तसाच. बँकेतली पोरगी तशीच. वाईट वागत नाय कुनी. गोड बोलत्यात. म्हून तर भांडताबी येत नाय.

द्वारकाबाई: त्यांना वाटत असंल तुला सोपं पडंल.

वहिदा: तुला वाटलं तसंच ना?

द्वारकाबाई: व्हय. मी काय चुकीचं मनात धरलं नव्हतं गं. त्या रात्री झोप लागली नाय मला. म्हनलं, ही घरात अशी बोलत असंल. आपल्यापायी म्हून मराठीत बोलत ऱ्हायली. चाळीस वर्सं. दुखलंखुपलं, बाळंतपन, नवऱ्याचं, इब्राहीमभाऊचं दुखनं, समदं माझ्या भाषेत बोलली. मी तिला एकदा तरी पुसलं का, बाई तुझ्या मनातलं तुझ्या बोलीत बोल म्हून? म्हनलं आपुन लई आपमतलबी. म्हून शिकले.

वहिदा: आन मला न पुसता शिकलीस.

द्वारकाबाई: अचंबा करायचा व्हता.

वहिदा: झाला अचंबा.

द्वारकाबाई: तू रागावलीस.

वहिदा: रागावले. रामकिसन बोलला, कंडक्टर बोलला, मी म्हनलं बोलू दे. त्यांच्यासंगं माझं काय अडलंय? म्हनलं एकजन तरी हाय, पुन्याला हाय पन हाय. ती आली की बोलन पोटभर. आन तू दारात उभी ऱ्हाऊन म्हनलीस, वहिदाजी. तूबी, द्वारके?

द्वारकाबाई: मला कळलं नाय गं.

वहिदा: माझा बाप पोलीस ॲक्शननंतर गाव सोडून गेला नाय. समदे म्हनत व्हते हैदराबादला चल, तिथं आपली मान्सं हायेत. तो म्हनला, मला उर्दू वाचता येत नाय, तिथं जाऊन मी कोनाशी बोलू? शेवटपर्यंत गावातच ऱ्हायला, गंगापूरच्या बाजारात बैलांचे दात बघत. त्याची लेक हाय मी. आमच्या घरात एक बोली हाय, नाय म्हनत नाय. नक्को म्हनतो, हौ म्हनतो. इब्राहीमसंगं मी त्याच बोलीत भांडायचे. पन ती टीव्हीतली बाई बोलली ना, ती आमचीबी नाय. तशरीफ मला आज कळलं, तुझ्याकडनं.

द्वारकाबाई: हसू नको. माझ्या डोळ्यात पानी यायलंय.

वहिदा: मी कुठं हसते? आता सांग, तू फोन का केला नाय?

द्वारकाबाई: मला लावता येत नाय. उचलता येतो. हिरवं वर सरकवलं की व्हतं.

वहिदा: मी केला व्हता ना. दोनदा. बद्रीनं तुझा नंबर दिला व्हता. दोनी बारीला तू म्हनलीस, हो, बरं आहे, ठीक आहे, ठेवते. ठेवून दिलास. एवढा कोरा आवाज मी तुझा कवा ऐकला नव्हता.

द्वारकाबाई: ते... तिथं बसल्या व्हत्या समद्या.

वहिदा: बसल्या तर बसल्या. मला काय वाटलं सांगू? रोज सात वाजता टीव्हीत चारजन एकमेकांवर वरडत्यात. त्यात एक दाढीवाला असतो, त्याला म्हनत्यात हा ह्यांचा. मी म्हनते, ह्याला मी कवा बघितलं? ह्यानं माझा नळ कवा भरला? पन मला वाटायचं, पुन्यात द्वारकीबी हेच बघत असंल. त्या दाढीवाल्याकडं बघून तिला माझी आठवन येत असंल. म्हून ठेवला फोन. मग मी परत केला नाय.

द्वारकाबाई: वैदे, आमच्यात ते लावतच नायत. सूनबाईचं डोकं दुखतं.

वहिदा: आता म्हनलीस.

द्वारकाबाई: काय?

वहिदा: वैदे म्हनलीस.

द्वारकाबाई: निघून गेलं तोंडातनं.

वहिदा: जाऊ दे तसंच. मी काय करते ठावं हाय का? भांडी घासताना मराठीत बोलते. एकटीच. तुला सांगितल्यासारखं. आज डाळीला फोडनी करपली गं, माझ्या पोराचा, हबीबचा फोन नाय आला गं, गल्लीतल्या फहमिदाची पोरगी धावीला बसली गं. म्हनून झालं की गप बसते थोडा टाइम. तू व्हय म्हनायला पायजे असतीस ना, तेवढा टाइम. मग फुडचं भांडं घेते.

द्वारकाबाई: लई एकटी पडलीस.

वहिदा: पडले. खोटं कशाला बोलू?

बद्रीनाथ: आई? आहेस का आत? सलाम, खाला. कैसी हैं आप? सब खैरियत?

वहिदा: ये रं बद्री. बरी हाय. वाकू नको, चौकट खाली हाय, लहानपनीबी डोकं आपटायचं तुझं.

बद्रीनाथ: आई की वजह से आपको तकलीफ तो नहीं हुई ना?

वहिदा: तकलीफ कसली? द्वारके, तुझ्या पोराला सांग, मी कोन हाय.

द्वारकाबाई: नाही रे बद्री. आम्ही इथे छान गप्पा मारत बसलो होतो. त्यांनी चहा केला होता.

वहिदा: द्वारके?

द्वारकाबाई: शेंगासुद्धा सोलल्या आम्ही. वेळ कसा गेला ते कळलं नाही.

बद्रीनाथ: बरं झालं. आई, पण निघायला हवं आता, अंधाराच्या आत नगर गाठू. खाला, आपने खजूर देखे? खास आपके लिए मँगवाए थे.

वहिदा: बघितले बाबा. तू दोन वर्साचा असताना तुझ्या आईला टायफड झाला व्हता. दीड म्हैना माझ्या मांडीवर व्हतास. मला मावशी म्हनायचास. खाला म्हनायला कुनी शिकवलं रं तुला?

बद्रीनाथ: मी... नाही, मला वाटलं तसंच म्हणतात. म्हणजे, तुम्हाला तेच बरं वाटत असेल. सॉरी, मावशी. लक्षात नाही आलं.

वहिदा: ऱ्हाऊ दे. आलं ना आता.

बद्रीनाथ: हॉर्न वाजतोय. टँकर आलाय मागून, माझी गाडी गल्लीच्या तोंडावर आहे. काढतो बाजूला. आई, तू ये सावकाश. बाहेर बघून पाय टाक, त्याच्या नळीतून पाणी गळतंय, माझा बूट भिजला सगळा.

वहिदा: अजून गळतंय ना?

बद्रीनाथ: धो धो गळतंय. कुणी सांगत कसं नाही त्यांना? आलोच.

वहिदा: गेला. आता माझ्याकडं बघ. हे काय व्हतं?

द्वारकाबाई: काय?

वहिदा: इथे. होतो. कळलं नाही. कोन बोललं हे? तुझ्याबी तोंडावर कुनी दुसरी बाई चिकटवली का?

द्वारकाबाई: चपला कुठं गेल्या माझ्या?

वहिदा: चपला दारात हायेत. बोल.

द्वारकाबाई: त्यांच्याफुडं तसंच बोलावं लागतं गं. सूनबाई वाईट नाय. पैल्यांदा प्रेमानं सांगायची, आई, इथं नाही म्हणायचं, इथे म्हणायचं. मग नातू हसाय लागला. टीव्हीत एक बाई हाय, शेतातली, बावळट. लई व्हय, तिकडं जायचं नाय, असं बोलती, आन मागून हसल्याचा आवाज येतो. नातू म्हनला, आजी सेम तिच्यासारखी बोलते. मग मी तोंड उघडलं की तो मागून तसा आवाज काढायचा. हाहाहा. पोरगंच हाय. त्याला काय कळतंय?

वहिदा: मग?

द्वारकाबाई: मग मी कमी बोलाय लागले. एकएक शब्द जोडून बोलायचा म्हनलं की बोलायचं काय तेच इसरून जातं. पाव्हने आले की सूनबाई सांगती, आमच्या आई फार शांत आहेत.

वहिदा: तू शांत?

द्वारकाबाई: व्हय.

वहिदा: ह्या गल्लीत तुझ्या आवाजानं कावळे उठायचे.

द्वारकाबाई: एक सांगू? ती हिंदी पाठ करायचे ना दुपारी, तवाच तेवढा घरात माझा आवाज निघायचा. चुकलं तरी कुनी हसायला नव्हतं. मी म्हनायचे, तुझ्यासाठी शिकायलेय. तुझ्यासाठी तर व्हतंच. पन मला कुनासंगं तरी मोठ्यानं बोलायचं व्हतं.

वहिदा: वेडी हायेस तू.

द्वारकाबाई: फोनवरबी तेच. तू वैदे ऐकायला थांबली असशील हे मला कळत व्हतं. पन तिथं सूनबाई, तिची आई, पोरगं, समदे हालमधी. मी म्हनलं ठेवते. ठेवून न्हानीत जाऊन बसले.

वहिदा: ऐक आता. टाइम नाय. मी फोन करीन तुला. बुधवारी, चार वाजता. तुला बोलायचं नाय. मीच बोलन. भांडी घासताना बोलते ते समदं फोनवर बोलन. तू नुसतं व्हय म्हनायचं.

द्वारकाबाई: व्हय म्हनता येत नाय तिथं. हो म्हनावं लागतं.

वहिदा: मग हो म्हन. मला कळंल.

द्वारकाबाई: एवढ्यानं भागंल तुझं?

वहिदा: भागवते की. उठ, हात दे. गुडघ्यावर जोर देऊ नको.

द्वारकाबाई: वैदे.

वहिदा: काय?

द्वारकाबाई: काय नाय. म्हनून बघितलं.

(बुधवारी, चार वाजून गेल्यावर. फोनवर.)

वहिदा: हॅलो. द्वारके?

द्वारकाबाई: हो.

वहिदा: घरात हायेत का कुनी?

द्वारकाबाई: हो.

वहिदा: बरं. ठरल्यापरमानं मी बोलते, तू हो म्हन.

द्वारकाबाई: हो.

वहिदा: पैलं नळीचं. ती कुनी बदलली नाय. मग मीच हबीबच्या जुन्या सायकलीची ट्यूब कापली, आन काल टँकर आला की भोकावर गुंडाळली. एका हातानं जमंना. ओढली की सुटायची. मग आशाबाई आली, गपचूप दुसरं टोक धरलं. बोलली नाय काय. पन धरलं. मी दोरीनं घट आवळलं, तवर ती धरून व्हती. आता थेंब गळत नाय.

द्वारकाबाई: हो.

वहिदा: दुसरं. तुझ्या सुनंचा खजूर खाल्ला. कोरडा खाऊन बघितला तर दातच नायत, दुधात भिजवला. ग्वाड हाय. तिला सांग आवडला म्हून. रोज्यातच खातात असं काय नाय म्हनावं.

द्वारकाबाई: हो.

वहिदा: तिसरं. रामकिसनला म्हनले, हे बघ, मी मराठीत मागन आन तू मराठीत द्यायचं. तो म्हनला, ठीक है खाला. काय करावं आता त्याला?

द्वारकाबाई: ...

वहिदा: हसलीस का? हसलीस तर चालंल. हसायला काय भाषा लागत नाय. आन एक, बद्रीनं मेसेज धाडला व्हता, फहमिदाच्या पोरीनं वाचून दावला. लिवलंय, मावशी, पोचलो. बास एवढंच. मी तिला दोनदा वाचायला लावला.

द्वारकाबाई: हो.

वहिदा: आज भाकरी करताना तुझी आठवन आली. ठेचा केला व्हता. धूर झाला लई, पन इथं भोंगा नाय. दोन भाकरी केल्या, सवयीनं. एक ऱ्हायली. ...द्वारके? ऐकायलीस ना?

द्वारकाबाई: ...

वहिदा: गप का गं? आवाज येत नाय का? बरं, पाव्हने असतील तुझ्याकडं, लई येळ झाला. ठेवते मग.

द्वारकाबाई: ठेवू नको गं वैदे.

वहिदा: आं? गेली का समदी?

द्वारकाबाई: नाय. समदी इथंच बसल्यात. सूनबाईची आईबी हाय. तू बोल.